वाटेवरचे राळे

बायको मंगळवारी गेली. मयत उचलताना तिच्या जामखेडच्या मावशीने माझ्या हातात राळ्यांची पुडी दिली. गेलेली बाई माघारी येऊ नये म्हणून त्यांच्याकडे वाटेवर राळे टाकतात. सगळे दाणे वेचल्याशिवाय तिला पुढे सरकता येत नाही.

मला बायकोने आणि मी टीव्हीवर पाहिलेला रक्तपिपासू सरदाराचा जुना इंग्रजी सिनेमा आठवला. काळा झगा, चापून बसवलेले केस. दारात उभा राहून तो आत येऊ का म्हणून विचारत होता.

"लईच शिकलेलं भूत हाय," ती तेव्हा म्हणाली होती.

मी वाचलेलं सांगितलं. झगा सिनेमावाल्यांनी दिला. लोककथांतला मूळचा तो खेड्यातला, सुजलेला, लालबुंद माणूस. लोक त्याच्या थडग्यावर बारीक धान्य टाकत, म्हणजे मोजता मोजता उजाडायचं.

"म्हंजी आमच्याकडलाच की," ती हसली. "माज्या वाटंवर मातर टाकू नका. मला येचायचा लई कंटाळा."

"जावईबापू, टाका की," मावशी म्हणाली.

"नको. तिला वेचायचा कंटाळा आहे."

मावशी रडता रडता हसली. "व्हय, आळशीच हुती."

पुडी आता मोहरीच्या डब्याशेजारी आहे.