मिठाने खाल्लेली फिल्म

११ ऑक्टोबर २०१३, शुक्रवार, जेद्दा. हनीफभाईंच्या निरोपाला सातजण. उपमा, चहा. मगरिबच्या नमाजानंतर सिनेमा.

हनीफ सारंग रत्नागिरीचे, इथल्या शराफिया भागातल्या एका फोटो लॅबमध्ये बावीस वर्षं होते. त्यांची जागा आता सौदी माणसाला मिळणार होती आणि इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, संपत आला होता. त्यांच्या खोलीत सहाजण राहत, म्हणून त्यांनी फिल्मचं एक रीळ महिनाभर माझ्याकडे ठेवलं होतं. “जपा हं, काकू,” एवढंच म्हणाले होते.

त्या सकाळी मला रिळावर पांढरी पुटं दिसली. नन्सच्या शाळेतली माझी शिस्त. पाहुण्यांपुढे मळकी वस्तू नको म्हणून रीळ उलगडून ओल्या फडक्याने सगळं पुसून काढलं. फडक्याला रंग लागला, तो मला मळच वाटला.

संध्याकाळी प्रोजेक्टर लावताना हनीफभाई सांगू लागले, “कॅमेरा नाही, नट नाहीत. वर्षभर फिल्म समुद्राच्या पाण्यात ठेवली. मिठाने रंग खाल्ले, त्याचीच चित्रं झालीत. याची दुसरी प्रत नाही.”

भिंतीवर नुसता उजेड पडला.

“हनीफभाई, सगळाच सेन्सॉरने कापला की काय?” माझे यजमान म्हणाले. ते तेव्हा हयात होते. सगळे हसले.

हनीफभाईंनी फिल्म बोटांतून फिरवली आणि माझ्याकडे पाहिलं. मग तेही हसले. “मिठाने जरा जास्तच खाल्लं, भाऊ.”

तेव्हा मी बोलायला हवं होतं. मी चहा आणायला आत गेले. रविवारी ते कायमचे गेले, तोवरही बोलले नाही.

माझ्या डायरीतल्या त्या दिवसाच्या नोंदीत सिनेमापुढे एवढंच आहे: स्वयंपाकघरातला नळ गळतो, वॉशर बदलायचा.