आठवा डाव

आमचे हे अंपायर हायत, असं मी माहेरी सांगितलं तवा माझ्या भावाला वाटलं, जंगल खात्यात बढती मिळाली. कसली बढती आन् कसलं काय! दिवसभर भातात नाहीतर जंगलाच्या मजुरीवर राबायचं, आन् सांजेला पोरींच्या मागं वाकून उभं राहायचं, "आऊट" म्हणून ओरडायला. महाबळेश्वर असं भारदस्त नाव हाय माणसाचं, पण आमच्या नंदिगड्ड्यात कुणी त्या नावानं हाक मारत न्हाई. लहान-थोर सगळे अंपायरमामाच म्हणतात. मी त्यांची बायको, तर मला अंपायरमामी म्हणायला लागले. केशर हे नाव मीच विसरत आले बघा.

हे खूळ आणलं शाळेतल्या खेळाच्या सरांनी. खानापूरकडचे होते. क्रिकेटात पोरींची रांग लागलेली, बेसबॉलात कुणी न्हाई, तवा राज्याच्या संघात जायला हीच वाट सोपी, असा त्यांचा हिशेब. मैदानावरचं गवत कापायला त्यांनी ह्यांना बोलावलं, आन् गवत कापता कापता हे खेळ शिकले. चेंडू टोलवायचा, चार बेसांचा, म्हणजे खुणेच्या चार ठिकाणांचा, फेरा मारून घरच्या बेसावर परत यायचं, की एक धाव. बेसाला पाय लागायच्या आधी अंगाला चेंडू लावला की आऊट, आन् तिघी आऊट झाल्या की दुसऱ्यांची पाळी. सर बदली होऊन गेले, हे राहिले.

ह्यांचा निकाल कधी कुणी परतवला न्हाई. आमची एकुलती एक पोर सुमंगला, तिला बी भर गावासमोर आऊट दिलंय. पोरगी रडत घरी आली, जेवली न्हाई. मी ह्यांना वाट्टेल तसं बोलले. तर मला म्हणतात, "पाय उशिरा लागला तर मी काय करू? कापून फुडं टाकू?" असला माणूस. डोकं आपटावंसं वाटतं, पण खोटं बोलला असं कुणी म्हणायचं न्हाई.

आमचं खरं मैदान मे महिन्यात उघडं पडतं. सुपा धरणाचं पाणी उतरलं की ह्यांच्या बुडालेल्या वाडीची जमीन वर येते. सपाट, पोपटी गवताची, आमच्या ह्या डोंगरात असली जागा दुसरी न्हाई. धरण झालं तवा हे लहान होते. वाडी सोडताना लोकांनी देव उचलून आणले, दारं आणली, वासे आणले, गोठ्यातली दावण बी सोडली न्हाई. राहिली ती बायजा, ह्यांची थोरली बहीण. तापात गेलेली. लहान पोर म्हणून बांधावर फणसाखाली पुरलेली. तिला कोण उचलून आणणार? सासूबाई डोळे मिटेपर्यंत म्हणायच्या, माझी पोर पाण्यात हाय.

तिथं पाय टाकायच्या आधी त्या जागेच्या देवाला, राखणदाराला, नारळ ठेवून गाऱ्हाणं घालायचं, ही आमची रीत. काय करणार, किती करणार, सगळं फोड करून तोंडानं सांगायचं. आन् सांगितलं त्याच्या फुडं जायचं न्हाई.

गेल्या मे महिन्यात धारवाडहून निवड करणाऱ्या बाई आल्या. त्यांच्याकडं एकच दिवस होता, म्हणून रामनगरच्या पोरींशी एका दिवसात दोन खेळ ठेवले. बाई एकच पिचर नेणार होत्या, म्हणजे चेंडू टाकणारी. एक तर आमची सुमी, न्हाईतर रामनगरची अंकिता. निवड झाली तर बंगळूरला शिबिर, फुडं खेळाडू म्हणून कॉलेजात जागा. न्हाई झाली तर माझ्या भावानं हल्याळचं स्थळ आणून ठेवलेलं. सुमी मला म्हणाली, "आई, मला लग्न नको. मला चेंडू टाकायचाय." मला काय, मला तर कधी कुणी विचारलंच न्हवतं.

एरवी खेळ नऊ डावांचा. एका दिवसात दोन असले की सात-सातच करायचे, पोरी थकतात. ह्यांनी नारळ ठेवला आन् मोठ्यानं गाऱ्हाणं घातलं, "बा राखणदारा, आज तुझ्या जागेवर दोन खेळ. सात डाव आन् सात डाव. बरोबरी झाली तर बरोबरी. त्याच्या फुडं जागा तुझी."

पहिला खेळ अंकितानं मारला. दुसऱ्यात सुमी पेटली. सातवा डाव संपला तवा धावा सारख्या. ह्यांनी टोपी काढली, म्हणाले, "संपलं."

बाई म्हणाल्या, "अहो, असं अर्धवट कसं ठरवू मी? अजून एक डाव खेळवा."

रामनगरच्या पोरींना शिकवणारा संदीप तर नाचतच आला. "अण्णा, परदेशातल्या मोठ्या लीगमध्ये बी बरोबरी ठेवत न्हाईत. कोविडच्या साली दोन खेळांच्या दिवशी सात-सात डाव केलेले, पण बरोबरी झाली की आठवा खेळायचा. आन् लवकर निकाल लागावा म्हणून टोलवणाऱ्यांची एक खेळाडू दुसऱ्या बेसावर आयतीच उभी करायची."

"व्हय बाबा," सुमी म्हणाली, "माझ्या मोबाइलच्या गेममध्ये बी तसंच हाय. तीन डाव ठेवा न्हाईतर नऊ, आपल्या मर्जीनं. पण बरोबरीवर गेम सोडतच न्हाई."

"गेममधली जागा कुणाची नसते, सुमी," हे म्हणाले.

माझं टाळकं सरकलं. मी बांधावरनं खाली उतरले. "पोरीचं आयुष्य टांगलंय हितं, आन् तुम्ही काय नारळाला भिता? बाप हाय का कोण?"

ह्यांनी नारळ ठेवलेल्या जागेकडं बघितलं. दुसरा नारळ न्हवता, नवं गाऱ्हाणं कशावर घालणार? शेवटी म्हणाले, "खेळा. पण आयती कुणी उभी करायची न्हाई."

मी परत बांधावर जाऊन बसले. ऊन डोंगराआड गेलेलं. रामनगरच्या पोरी टोलवायला आल्या. बघते तर दुसऱ्या बेसावर पोरगी उभी! मी संदीपला मनात शिव्या हासडल्या. नको म्हणलेलं असून केलं न्हवं? पोरगी अंगानं बारकी, अनवाणी. रामनगरचा निळा शर्ट होता का अंगात? मला होता असं वाटलं. केस ओले, म्हणलं घाम असंल.

ह्यांनी तोंडावरची जाळी वर केली. लई वेळ तिकडं बघितलं. मग जाळी परत खाली घेतली.

सुमीनं दोघींना बाद केलं. तिसरीनं चेंडू जोरात टोलवला आन् ती बारकी सुटली. पळताना पायांचा आवाज न्हाई. आमच्या पोरीनं चेंडू फेकला, सुमीनं झेलला, घरच्या बेसावर धावत येऊन त्या पोरीला लावला. पण पाय आधी लागला होता. मी बांधावरनं बघितलं, शपथ घेऊन सांगते, आधी लागला होता.

ह्यांचा हात वर जाईना. मग आवाज फुटल्यासारखे ओरडले, "आऊट!"

फुडं आमच्या पोरींनी धाव काढली, जिंकलो. बाईंनी सुमीचं नाव लिहून घेतलं, तिच्या पाठीवर थाप मारली. मी नाचले, लाज कसली त्यात! तेवढ्यात संदीप जवळ आला, तोंड पांढरं पडलेलं. "अक्का, ती दुसऱ्या बेसावरची तुमच्या गावची होती न्हवं? टोलवणारी सोडून आमच्या सगळ्या बाकावरच होत्या."

ती पोरगी तवा पाण्याकडं चालली होती. मान खाली घालून, आऊट झालेली पोर जाते तशी. कुणी हाक मारली न्हाई. घरच्या बेसाजवळ जमीन वाळून तडकलेली, तिथं एक बारकं पाऊल उमटलेलं, आन् त्यात पाणी भरलेलं.

घरी येऊन हे पडवीत बसले. "केशर, ती पोचली होती."

"कोण?"

"बायजा. उभी होती तवाच वळखली मी. डाव्या पायावर भार टाकायची, तशीच."

"मग आऊट कशापायी?"

"सुमीकडं बघितलं आन् तोंडातनं निघालं."

मी म्हणलं, बरं केलंत. जित्या लेकराचं बघावं माणसानं. पण ह्यांनी त्या दिवसापासनं अंपायरकी सोडली. पाणी परत चढलं, मैदान बुडालं.

फेब्रुवारीत एका दुपारी बंगळूरच्या शिबिरातनं सुमीचा फोन आला. श्वास लागलेला. "आई, आज दोन खेळ हायत. दुसऱ्यात सात डावांनंतर बरोबरी झाली. जिंकलो तरच मला शिबिरात ठेवणार. आता आठवा, आन् समोरच्यांची अजून कुणीच टोलवायला आली न्हाई, तरी दुसऱ्या बेसावर ती मे महिन्यातली बारकी पोरगी उभी हाय. माझ्याकडंच बघतीया. विचारतीया, मी खरंच आऊट होते का गं? काय सांगू तिला?"

मी ओरडले, "व्हय म्हण! अंपायरचा निकाल हाय, आऊट होतीस म्हण!"

ह्यांनी माझ्या हातातनं फोन ओढून घेतला. "सुमी, तिला ऐकू जाईल असा धर."

"नका हो," मी हात जोडले. "सुमी हरून परत येईल."

हे ढसाढसा रडत होते. "बायजा, तू पोचली होतीस. मी खोटं बोललो. ये तू."

सुमीचा संघ एका धावेनं हरला. कुणाची धाव, ते तिथं कुणालाच नीट सांगता येईना, पण फलकावर लागली होती. पोरगी चौथ्या दिवशी बॅग घेऊन घरी आली. पायरीवर चपला काढल्या, उंबरा ओलांडला, मागं वळली आन् रिकाम्या अंगणाकडं बघून म्हणाली, "आत ये, आत्या."

मी दार लोटायला धावले. ह्यांनी माझा हात घट्ट धरून ठेवला.