साहेबांचं ताट

अख्ख्या युनायटेड किंगडममध्ये एका मेलेल्या अमेरिकन जज्जासाठी सर्वपित्रीला ताट वाढणारा माणूस एकच असेल आणि नशिबाने म्हणा की लग्नाने म्हणा, तो माझा चुलतसासरा आहे. जज्जाचं नाव मी सांगत नाही. सांगितलं तरी तुम्ही 'कोण?' असंच विचाराल, कारण खुद्द अमेरिकेतही त्याला आता कुणी ओळखत असेल असं वाटत नाही. एकोणिसाव्या शतकात एका मोठ्या नदीकाठच्या राज्यात तो आधी वकील होता, मग आमदार झाला, मग दोनदा निवडणूक हरला आणि पुढे न्यायाधीश झाला, एवढं पुरे. काका त्याला 'साहेब' म्हणतात. नुसतं 'साहेब' म्हटलं की त्यांच्यापुरतं जगात दुसरं कुणी उरत नाही.

काका लंडनजवळच्या स्लाऊला आले त्याला चाळीस वर्षं होऊन गेली. ट्रेडिंग इस्टेटवरच्या एका वेअरहाऊसमध्ये, आलेला माल यादीशी ताडून पाहायचा आणि पेन्सिलीने बरोबरची खूण करायची, हे काम त्यांनी रिटायर होईपर्यंत केलं. मूलबाळ नाही. काकू गेल्यालाही बरीच वर्षं झाली. त्यानंतर एकदा त्यांचं मागचं दार वाऱ्याने आपटायला लागलं, म्हणून दाराला लावायला काहीतरी जड हवं होतं. हायस्ट्रीटवरच्या चॅरिटी शॉपमध्ये त्यांना साहेबांच्या चरित्राचे तीन जाडजूड खंड दिसले. दाराला खरं तर एक पुरला असता, पण सेट फोडायचा नाही ही वेअरहाऊसची सवय! घरी येऊन सहज पहिलं पान उघडलं, आणि ते दार तेव्हापासून आजतागायत आपटतंच आहे.

आता पुस्तक आपण जसं वाचतो तसं वाचतील तर ते काका कसले? रोज दोन पानं. प्रत्येक परिच्छेदाला पेन्सिलीची खूण आणि त्याचं मराठी एका वहीत. पुढचं पान उलटून बघायचं नाही, प्रस्तावना वाचायची नाही, इंटरनेटवर तर अजिबात शोधायचं नाही. मी एकदा फोन काढून म्हटलं, "काका, दोन मिनिटांत सगळं सांगतो, साहेब कधी गेले, कसे गेले." तर माणूस असा कावला की विचारू नका. "खबरदार! साहेबांना उद्याचं माहीत होतं का? मग मला कशाला हवंय?" त्यामुळे साहेबांच्या आयुष्यात जे व्हायचं ते काकांच्या घरी ताजं ताजं होतं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला मला फोनवर कळतं. त्या वेळी मी बेसिंगस्टोकच्या राउंडअबाऊटांवर गरगरत ऑफिसला निघालेला असतो. "जावईबापू, साहेब पडले हो," असा पहिला फोन आला तेव्हा मी घाबरून गाडी बाजूला घेतली आणि कुठे पडले, हाड मोडलं का, ॲम्ब्युलन्स आली का, सगळं विचारलं. ते निवडणुकीत पडले होते. पुढचे दोन दिवस काकांनी गोड खाल्लं नाही.

साहेबांच्या बायकोला टायफॉइड झाला तेव्हा काकांनी दातांची अपॉइंटमेंट कॅन्सल केली. कारण काय सांगितलं, तर "घरात आजारपण आहे". रिसेप्शनिस्टने हळहळून कोण आजारी आहे ते विचारलं, आणि काकांनी खोटं कधी बोलायचं नाही म्हणून सांगितलं, "माय बॉसेस वाइफ." आणि साहेब न्यायाधीश झाले त्या दिवशी तर ह्या गृहस्थाने अख्ख्या गल्लीत पेढे वाटले. पलीकडच्या घरात एक पंजाबी आजी राहतात. त्यांनी पेढा तोंडात टाकला आणि विचारलं, "किस खुशी में, भाईसाब?" काका म्हणाले, "हमारे जज बन गये." आजींनी दोन्ही हात त्यांच्या डोक्यावर ठेवून आशीर्वाद दिले आणि संध्याकाळपर्यंत गल्लीभर केलं की ह्यांचा परदेशातला मुलगा जज्ज झाला. आमच्या हिने विचारलं, "काका, अहो तुम्ही सांगितलं का नाहीत खरं काय ते?" ते चष्मा पुसत बसले. मग म्हणाले, "इतका आनंद झाला गं तिला. माझ्यासाठी एवढं खूश झालेलं कुणी मी बऱ्याच वर्षांत पाहिलं नव्हतं."

सर्वपित्रीचं खूळ त्याच वर्षीचं. पितृपक्षाच्या शेवटच्या दिवशी ते आमच्याकडे जेवायला येतात, काकूंचं पान आमच्याच घरी वाढलं जातं. त्या वर्षी आल्या आल्या म्हणाले, "साहेबांचंही वाढा. त्यांनाही मूल नव्हतं. कोण वाढणार?" मी म्हटलं, "काका, पण तिथी?" ते म्हणाले, "गेले हे नक्की. कधी गेले ते मी अजून वाचलेलं नाही. तिथी माहीत नसलेल्यांचीच सर्वपित्री असते ना?" आता ह्यावर काय बोलणार, कप्पाळ! हिने साहेबांसाठी मक्याची भाकरी केली, कारण पहिल्या खंडात त्यांना ती आवडायची असा पुरावा होता. ताटं बागेतल्या शेडच्या छपरावर ठेवली. काकूंच्या पानाला कावळा पटकन शिवला, साहेबांच्या पानाकडे मात्र बघेना. पाऊण तास झाला. आम्ही सगळे भुकेने कासावीस, आणि शेजारचा गोरा खिडकीतून बघतोय. शेवटी काका पुढे झाले, दहाव्याला करतात तसे हात जोडले आणि छपराकडे बघून मोठ्याने म्हणाले, "साहेब, तुमचं सगळं लिहीन. एक अक्षर लपवणार नाही." कावळा आला आणि भाकरीचा तुकडा घेऊन गेला. योगायोग, दुसरं काय! पण काका भारावून गेले होते.

पुढच्या वसंतात तिथल्या महाराष्ट्र मंडळाच्या ज्येष्ठ नागरिकांनी 'मला भेटलेला मोठा माणूस' ह्या विषयावर बोलायला त्यांना बोलावलं. काका नवा कोट शिवायला टाकायच्या गोष्टी करू लागले. आयुष्यात पहिल्यांदा चार माणसं त्यांचं ऐकायला बसणार होती. आणि भाषणाला तीन आठवडे असताना सकाळचा फोन बंद झाला. एक दिवस, दोन दिवस, पाच दिवस. मी केला तर "बरा आहे" म्हणून ठेवून द्यायचे. शनिवारी मी तडक स्लाऊ गाठलं. दार आपटत होतं, दुसरा खंड मिटून टेबलावर पडला होता, आणि काकांनी दाढी केलेली नव्हती. वेअरहाऊसच्या नाइट शिफ्टहून येऊनही दाढी करून झोपणारा हा माणूस!

"एक बाई नदी ओलांडून आली होती," काका म्हणाले. "पलीकडच्या राज्यातल्या गुलामगिरीतून पळून. मालक मागोमाग आला. खटला साहेबांपुढे उभा राहिला. कायदा मालकाच्या बाजूचा होता. साहेबांनी तिला परत पाठवलं." मग त्यांनी पुस्तक उघडून माझ्यापुढे सरकवलं. "अर्धं पान, जावईबापू. पुलाच्या टोलचा खटला होता ना मागे, त्याला साहेबांनी एकवीस पानं लिहिली होती. हिला अर्धं. बाईचं नावसुद्धा नाही त्यात." त्या अर्ध्या पानाच्या कडेला पेन्सिलीची खूण नव्हती. त्यांनी ती आठवडाभर केलीच नव्हती.

मी व्यवहारी माणूस. मी म्हटलं, "काका, तुमचं भाषण पाऊण तासाचं. एवढं अर्धं पान सोडून द्या. मंडळात कुणी ह्या माणसाचं नावही ऐकलेलं नाही. कुणाला कळणार आहे?"

"कावळ्याला," काका म्हणाले.

मला हसू आलं, पण ते हसत नव्हते. निघताना त्यांच्याबरोबर फाटकापर्यंत आलो तर पंजाबी आजी कुंड्यांना पाणी घालत होत्या. त्यांनी नेहमीसारखं विचारलं, "लड़का कैसा है आपका?" मला वाटलं, सुटका करून घ्यायला हीच वेळ बरी, आता सांगून टाकतील की तो माझा कुणी नव्हे. काका जरा थांबले. मग म्हणाले, "बहुत बड़ी ग़लती कर बैठा, बहनजी." आजींनी पाण्याची झारी खाली ठेवली आणि त्यांच्या पाठीवरून हात फिरवला. मी गाडीत जाऊन बसलो. खरं सांगतो, मला तिथे उभं राहवेना.

भाषण चर्चच्या हॉलमध्ये झालं. काकांनी साहेबांची गरिबी सांगितली, दोन्ही पराभव सांगितले, टायफॉइडच्या वेळी तर दोघीतिघींनी डोळे पुसले. मग त्यांनी वही बंद केली, खिशातून एक कागद काढला आणि ते अर्धं पान मराठीत वाचलं. आवाज खणखणीत होता. हॉलमध्ये कुणी टाळी वाजवेना. शेवटी एक गृहस्थ समजुतीच्या सुरात म्हणाले, "अहो, पण त्या काळचा कायदाच तसा होता." काका म्हणाले, "मीही साहेबांना रोज सकाळी तेच म्हणून बघतो. मलाच पटत नाही." आणि खाली बसले. चहाच्या वेळी त्यांच्याशी बोलायला फारसं कुणी आलं नाही. मी बटाटेवड्याची प्लेट नेऊन दिली, तेव्हा ते खिशातल्या पेन्सिलीने त्या कागदाच्या कडेला बरोबरची खूण करत होते.

फोन पुन्हा सुरू झाले, साडेसातच्या ठोक्याला. पण काकांचं वाचन मंदावलंय. तिसरा खंड सुरू आहे आणि हल्ली ते रोज एकच पान वाचतात. खंडाच्या शेवटी काय येणार हे न उलटताही कळतंच की. साहेबांचा राग आलाय का म्हणून मी एकदा विचारलं. म्हणाले, "येतो ना. म्हणून काय त्यांना अर्ध्यात टाकून देऊ?"

गेल्या सर्वपित्रीला काका सकाळीच आले. हिला म्हणाले, "बाळ, साहेबांच्या आधी एक ताट त्या बाईंचं वाढ." हिने विचारलं, "त्यांना काय आवडायचं, काका?" काकांनी उगीच खिशातला कागद उघडून पाहिला. "ते कुणी लिहून ठेवलेलं नाही. तुला जे सगळ्यांत चांगलं येतं ते कर." हिने पुरणपोळी केली, वर तुपाची धार सोडली, आणि ते ताट शेडवर ठेवलं. कावळा लवकर येईना. काका ह्या वेळी पुढे झाले नाहीत, हात जोडून काही बोललेही नाहीत. साहेबांचं ताट दोन्ही हातांत धरून ते ओल्या गवतात नुसते उभे होते, अर्धा तास, मग पाऊण तास. मी म्हटलं, "काका, हात भरून येतील. द्या इकडे, नाहीतर ठेवून टाका शेजारी."

"नको," काका म्हणाले. "आधी तिचं होऊ दे. साहेब थांबतील."

ताट एका बाजूला कलायला लागलं होतं. मी ताटाची दुसरी बाजू धरली आणि त्यांच्याबरोबर थांबलो.