एका पुडीत दोनदा तेच औषध

सासूबाईंना सर्दी-ताप, म्हणून आज जुन्या जालन्यातल्या मेडिकलवर गेल्ते. दुकानदारानं पट्ट्या कापून सर्दीच्या नि तापाच्या गोळ्या एकाच पुडीत बांधल्या. नावाचा भाग त्याच्याकडंच राहिला.

मी पट्ट्या दाखवायला सांगितल्या, तर म्हणतो, "ताई, तुम्ही काय डॉक्टर लागून गेल्या का? दोन्ही सोबत द्या, ताप जल्दी उतरंल."

मी हलले न्हाई. शेवटी त्यानं पट्ट्या पुढं केल्या, मी वाचल्या. दोन्हींत पॅरासिटामॉल. गुडघ्यासाठी सासूबाईंनी सकाळीच तेच घेतलेलं, अन् ते जास्त झालं की लिव्हरवर जातं, त्यांचं तर आधीच कमजोर.

त्याला दाखवलं, तर वर म्हणतो, "रोज इतके लोक नेतात, कोणी मेलं का?"

"मेलेला माणूस तक्रार करायला तुमच्या दुकानावर येतो का?" म्हटलं, अन् पुडी तिथंच ठेवून डॉक्टरांना फोन लावला.

बायांनो, तुमच्या औषधाच्या डब्यात असल्या बिननावाच्या गोळ्या किती आहेत?