खंडेनवमीचा कोंगा

सिडनीच्या केलीव्हिल उपनगरातली श्यामला दिघे पॅरामॅटाला एका सरकारी खात्यात सॉफ्टवेअर तपासते आणि सुट्टीच्या दिवशी लॅटिन डिस्को बँडमध्ये कोंगा वाजवते. पहिल्या गोष्टीला लोक मान डोलावतात, दुसरीला विचारतात, "काय वाजवतेस?" श्यामलाला या प्रश्नाचा आता राग येत नाही. "कोंगा," ती सांगते. "उंच पिंपासारखे दोन ढोल, हातांनी वाजवायचे. ये एकदा, तुझेही पाय हलतील."

मुळात ती ठाण्याची, तबल्याची. वर्गातल्या गुरुजींनी सांगितलं होतं, मुलींनी पेटी शिकावी. ही बया रोज येऊन वर्गाच्या दारात बसली आणि मांडीवर ठेका धरत राहिली. शेवटी गुरुजीच कंटाळले आणि म्हणाले, "ये बाई आत, डोकं उठवू नकोस." त्यांनी तबला दिला आणि एक दंडकही दिला: खंडेनवमीला वाद्यांची पूजा करायची, आणि एकदा कुंकू वाहिलं की दसऱ्याच्या सकाळपर्यंत हात लावायचा नाही.

लग्नानंतर नवऱ्याबरोबर, विवेकबरोबर, ती सिडनीला आली. ऑफिसच्या ख्रिसमस पार्टीत ती टेबलावर बोटं वाजवत बसलेली असताना नेटवर्कचं काम बघणारा रामिरो समोर येऊन उभा राहिला. चिलीत जन्मलेला, इथे वाढलेला, बास गिटार वाजवणारा माणूस. "व्हॉट हॅव यू गॉट इन दोज हँड्स, मेट?" त्याने विचारलं. त्यातून 'ला लूना' बँड उभा राहिला. सुरुवातीला ती कोंगावर तबल्याची बोटं चालवायची आणि तळहात सुजवून घ्यायची. विवेक बर्फ लावायचा, आणि बर्फाबरोबर टोमणेही.

बँडची तालीम श्यामलाच्या गॅरेजमध्ये चाले. बाकीच्यांचे शेजारी तक्रारी करत; हिचे शेजारी दिवाळीच्या फराळावर गप्प होते. खंडेनवमीला तिथेच पूजा मांडली जाई. गिटार, ट्रम्पेट, कीबोर्ड, अगदी आरशांचे तुकडे लावलेला तो डिस्कोचा गोळासुद्धा झेंडू मिरवायचा. चर्चला जाणारा रामिरो त्या दिवशी आंघोळ करून यायचा, वाद्याला पाय लागला तर नमस्कार करायचा, आणि त्या दिवसाचा कार्यक्रम कधी घ्यायचा नाही.

बँडने काय नाही केलं? चिलीयन क्लबातली लग्नं वाजवली, त्यांच्यात लग्नासारखे थाटात होणारे मुलींचे पंधरावे वाढदिवस वाजवले, काउन्सिलच्या जत्रेत रिकाम्या खुर्च्यांसमोर वाजवलं. एक रेकॉर्ड काढली, ती कुणी ऐकली नाही. ओळखीच्या बायका म्हणायच्या, "अगं, पबमध्ये? या वयात?" श्यामला म्हणायची, "या वयातच. आधी मुलगी लहान होती."

कोविडनंतर कुणा पोरीने त्या रेकॉर्डवरच्या एका गाण्यावर नाचून व्हिडिओ टाकला आणि ज्याला कुत्रं विचारत नव्हतं ते गाणं देशभर वाजायला लागलं. मग मुंगळे आलेच. त्यातला एक कॅमेरॉन. तो मॅनेजर झाला, आणि त्याच्या मते बँडमध्ये सगळं छान होतं, फक्त 'लूक' नव्हता. कोंगावर पन्नाशीची इंडियन आंटी, हे म्हणे लॅटिन डिस्कोत बसत नव्हतं.

एका संध्याकाळी रामिरो एकटाच आला. उन्हाळ्यातल्या मोठ्या फेस्टिव्हलची माणसं बँड ऐकायला येणार होती, न्यूटाऊनच्या एका हॉलमध्ये. त्या दिवशी जे वाजवतील तेच फेस्टिव्हलच्या देशभरच्या दौऱ्यावर जाणार. दिवस होता खंडेनवमीचा.

"तू त्या दिवशी वाजवत नाहीसच," तो जमिनीकडे बघत म्हणाला. "म्हणून फक्त त्या दिवसापुरता कॅमेरॉनने आणलेला तो पोरगा, लुकास, कोंगावर बसेल. वाद्यं भाड्याने आणू. तुझी पूजा मोडायला नको."

"तारीख कोणी सुचवली?"

रामिरो गॅरेजच्या दाराकडे सरकला. कॅमेरॉनला खंडेनवमी कुठून ठाऊक असणार! इतक्या वर्षांत आपल्याकडून शिकलेली एक गोष्ट या माणसाने बरोबर आपल्यावरच उलटवली, हे श्यामलाला कळलं आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण ती एवढंच म्हणाली, "निघ आता."

खंडेनवमीला सकाळी तिने हॅरिस पार्कच्या भारतीय दुकानातून आणलेले झेंडू वाहिले, हळदकुंकू वाहिलं. यंदा गॅरेजमध्ये ती एकटीच होती. विवेक दारात येऊन म्हणाला, "जाऊ दे गं. पुष्कळ वाजवलंस. आता जरा आराम कर."

आराम! त्या एका शब्दाने तिला उठवलं. तिने देवीला हात जोडले, मग मनातल्या मनात ठाण्याला. गुरुजी, मी दारात बसले होते, ते आठवा. आणि तिने कोंगा उचलला.

"अगं, पूजा झालीये!" विवेक ओरडला.

"देवी लढत होती तेव्हा तिने शस्त्रं पाटावर मांडून ठेवली होती का? गाडी काढ."

वाद घालणं हा विवेकचा जन्मसिद्ध हक्क. पण त्या दिवशी त्याने मुकाट्याने डिकी उघडली. मुलगी, निहारिका, युनिव्हर्सिटीला निघाली होती, ती थबकली. "मम, आर यू अलाऊड टू डू दॅट?"

"आज आहे," श्यामला म्हणाली.

हॉलमध्ये लुकास भाड्याच्या कोंगांमागे उभा होता. पोरगा बिचारा भला होता, त्याच्याशी तिचं भांडण नव्हतं. तिने आपले कोंगा झेंडूसकट आणले आणि स्टेजच्या अगदी पुढे मांडले. कॅमेरॉन धावत आला. "श्यामला! आय थॉट इट्स युअर होली डे!"

"इट इज. दॅट्स व्हाय आय केम."

फेस्टिव्हलची माणसं समोर बसली होती, म्हणून त्याला तोंड मिटावं लागलं. लुकास स्वतःहून बाजूला झाला. रामिरो कोंगावरच्या कुंकवाकडे बघत राहिला. तो घाबरला होता, देवीला की श्यामलाला, ते त्यालाच ठाऊक. सवयीने त्याने वाकून कोंगाला नमस्कार केला.

"नमस्कार नंतर," ती म्हणाली. "काउंट दे, गाणं सुरू करू."

पहिल्या थापेला कुंकू उडालं. गाणं संपेपर्यंत तिचे तळहात लाल झाले होते आणि फेस्टिव्हलची माणसं उभी राहून नाचत होती. दौरा मिळाला, आणि त्यांनी कागदावर कोंगासाठी श्यामलाचंच नाव घालून घेतलं.

दुसऱ्या दिवशी दसरा. दरवर्षीसारखा रामिरो सोनं घ्यायला आला, पण दाराशीच घुटमळला. "सॉरी, श्यामला," तो म्हणाला. इथे आपटा कुठला. तिने सोनेरी कागदाचं पान त्याच्या हातावर ठेवलं.

"हे सणाचं. माफी अजून दिलेली नाही," ती म्हणाली. "आणि पुढच्या वर्षीही खंडेनवमीलाच कार्यक्रम घे. बघू या, माझ्या जागेवर कोण बसतं ते."