तळेकोंडचे चिनी सुभेदार

महिपत सुभेदारांना तळेकोंडात पाठीमागे सगळे ‘चिनी सुभेदार’ म्हणत. माणूस अस्सल कोकणी. सावळा, काटकुळा, पेजेवर वाढलेला. चिनी म्हणायचं कारण बासष्टची लढाई. त्या लढाईत ते शत्रूच्या हाती सापडले आणि पुढचे काही महिने तिबेटातल्या कुठल्याशा छावणीत कैदेत होते. सुटले, पलटणीत परतले, सुभेदार होऊन पेन्शनीत निघाले आणि गावी येऊन भात आणि थोडी काजू करू लागले. कैदेतल्या हालांबद्दल ते कधी बोलत नसत. बोलत ते लिऊबद्दल.

लिऊ हा छावणीतला दुभाष्या. पेकिंगला हिंदी शिकलेला, पण बोलायला माणूस नाही म्हणून गंजत चाललेला. रोज संध्याकाळी तो सुभेदारांशेजारी येऊन बसे आणि हिंदी घासून घेई. आता सुभेदारांचं हिंदी संगमेश्वर तालुक्यातलं. त्यामुळे शेवटी शेवटी म्हणे लिऊ “हम बसताय, तुम बोलताय काय?” असं विचारायला लागला. “त्येचे वरचे सायब त्येच्याकडं बघत बसायचे,” सुभेदार सांगत. “त्येंना वाटायचं, ही हिंदीतली कुठली उच्च भाषा?”

या शिकवणीच्या बदल्यात लिऊने त्यांना एका सेनापतीची विद्या दिली. हा सेनापती अडीच हजार वर्षांपूर्वी चीनमध्ये होऊन गेला. त्याचं म्हणणं, सुभेदारांच्या शब्दांत, असं की लढाई ही ताकदीची नव्हे, डोक्याची गोष्ट. हाणामारीची पाळी आली म्हणजे डोकं कुठेतरी आधीच कमी पडलं. ज्यांनी आपल्याला हरवलं त्यांची विद्या आपण घेऊन आलो, याचा सुभेदारांना मोठा अभिमान होता.

अडचण एवढीच, की विद्या पेलेल अशी लढाई तळेकोंडात मिळेना. एका वर्षी आंब्याला चोर लागले, तेव्हा आपल्याकडे भरपूर राखणदार आहेत असं भासवायला त्यांनी संध्याकाळी कलमांखाली ठिकठिकाणी कंदील लावून ठेवले. चोर आले नाहीत, पण सत्यनारायण आहे असं समजून वाडीतली माणसं मुलाबाळांसकट प्रसादाला आली. गोदाने, म्हणजे त्यांच्या बायकोने, घाईघाईने शिरा केला. पुढे ते ग्रामपंचायतीला उभे राहिले. बेत शत्रूला कळू द्यायचा नाही, या नियमाने ते इतके गुप्तपणे उभे राहिले की मतदारांनाही शेवटपर्यंत पत्ता लागला नाही. गोदाचं मत मात्र पडलं. निदान ती तसं म्हणायची.

खरी लढाई आली ती शिमग्यात, चौऱ्याऐंशी साली.

तळेकोंडात दोन वाड्या, वरची आणि खालची. देव एक, केदारलिंग, आणि पालखीही एकच. शिमग्यात पालखी सहाणेवरून, म्हणजे देवाच्या बैठकीच्या घरातून, बाहेर पडायची तेव्हा पहिला खांदा कोणाचा, यावरून दोन्ही वाड्यांचं जुनं भांडण. तीन वर्षांपूर्वी दोघांनी एकाच वेळी दांडीला हात घातला, रेटारेटी झाली आणि देवाचं रुप्याचं रूप, म्हणजे पालखीतला मुखवटा, खाली पडलं. ते पाहून सगळे घाबरले आणि घाबरल्यावर जे करतात तेच त्यांनी केलं. एकमेकांवर ढकललं. सहाणेच्या दाराला वरच्या वाडीने एक कुलूप लावलं, खालच्या वाडीने दुसरं. तेव्हापासून होळी पेटे, पण पालखी बाहेर पडत नसे. मुंबईहून आलेले चाकरमानी देवाचं तोंड न बघता परत जात.

खालच्या वाडीचा पुढारी काशीराम. वय पासष्टच्या पुढे, आडमुठा, आणि आवाज असा की त्याने आपल्या म्हशीला हाक मारली तर वरच्या वाडीतली म्हैस चरायची थांबायची. वरच्या वाडीने या वर्षी सुभेदारांना पुढे केलं.

“आधी हेर पाठवायचे,” सुभेदार गोदाला म्हणाले.

“कोण हाय तुमच्याकडं हेर?”

“तू.”

गोदा हसली, कळशी घेतली आणि खालच्या पाणवठ्यावर गेली. काशीरामची बायको गंगा तिथेच असायची. तासाभराने गोदा परत आली तेव्हा सुभेदार पडवीत ताठ बसून होते.

“बोल.”

“त्येंच्या म्हशीनं दूध आखडलंय. सून बाळंतपणाला माहेरी गेलीय. त्येंचा पोरगा रघू, त्येची मुंबैची गिरणी अजून बंदच, तो घरी बसून हाय. आन काशीरामदादांचा गुडघा लय दुखतो.”

“ह्यात लष्करी काय हाय?”

“गुडघा लष्करी नाय?” गोदा म्हणाली. “पयल्या खांद्याला वाडीचा पुढारी लागतो. पालखी खांद्यावर घेऊन नाचवायला लागते. त्येंना चार पावलं धड चालवत नाय. आन बोलून दाखवायचं म्हंजे मान गेला.”

सुभेदार उठून उभे राहिले. भांडण का मिटत नाही ते त्यांना एकदम दिसलं. पालखी बंद राहिली तरच काशीरामची लाज राहत होती. त्याला मागे फिरायला वाटच नव्हती. आणि लिऊने बजावून सांगितलं होतं की शत्रूला चारी बाजूंनी कोंडू नये. कोंडलेलं मांजरही नरडीला येतं. त्याला एक वाट ठेवावी, आणि ती आपण ठेवली आहे हे त्याला कळू देऊ नये.

वाट होती गाऱ्हाण्याची. पालखी उठण्याआधी सगळ्या गावाच्या वतीने देवाला साकडं घालायचं, हा मान खांद्यापेक्षा कमी नव्हे, आणि तो घेणाऱ्याऐवजी खांद्याला वाडीतला दुसरा कोणी चाले. गाऱ्हाणं घालणारा म्हातारा पालखी बंद असतानाच वारला होता, त्यामुळे ती जागा रिकामी होती. गाऱ्हाण्याला लागतो आवाज. गुडघा लागत नाही.

“मंग जाऊन सांगा त्येंना, तुमी गाऱ्हाणं घाला,” गोदा म्हणाली.

“आपण दिलं तर तो घेईल? भीक वाटंल त्येला. त्येनं ता आपल्याकडनं हिसकावून घ्यायला पायजे.”

म्हणून सुभेदारांनी वाडीत हाकाटी सुरू केली की खांद्याचं एक वेळ राहू द्या, गाऱ्हाणं मात्र वरच्या वाडीचंच. पारावर, दुकानात, पिठाच्या गिरणीवर, जिथे म्हणून खालच्या वाडीचा कान असेल तिथे ते हे मोठ्याने बोलले. दोन दिवसांत खालून उत्तर आलं. काशीराम आपल्या अंगणातून गरजला, “गाऱ्हाणं त्येंच्या बापाचं काय? गाऱ्हाणं आमीच घालणार!” हा निरोप कोणाला आणावा लागला नाही. वरच्या वाडीत तो थेट ऐकू आला.

सुभेदार खूश झाले. गोदाने मात्र विचारलं, “बाबल्याला सांगितलात का खरं काय ता?”

बाबल्या हा सुभेदारांचा पुतण्या. परळच्या गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, होता. संपात गिरणी बंद पडली ती पडलीच, आणि तो दीड वर्षापासून गावी येऊन बसला होता. हाताला काम नसलेला तरणा माणूस. कोणत्याही भांडणात जीव ओतायला मोकळा.

“बेत सेनापतीनं पोटात ठेवायचा असतो,” सुभेदार म्हणाले.

“ठेवा. मंग पोटातच दुखंल,” असं म्हणून गोदा भात उतरवायला आत गेली.

होळीच्या आदल्या सकाळी सहाणेसमोर दोन्ही वाड्या जमल्या. मधे चाफ्याचं झाड, त्याच्या एका बाजूला वरचे, दुसऱ्या बाजूला खालचे. बायका मागे धोंड्यांवर. काशीराम काठी टेकत आला आणि बसला नाही. बसलं तर उठता येणार नाही हे वरच्या वाडीत गोदाला आणि सुभेदारांना दोघांनाच ठाऊक होतं.

“गाऱ्हाणं आमचं,” काशीराम म्हणाला.

सुभेदारांनी जमेल तेवढा चेहरा पाडला. थोडं खाकरले. “काशीरामदादा, तुमी वडील. तुमी हट्टालाच पेटलात तर आमी काय करणार? गाऱ्हाणं तुमचं. मंग खांद्याला एक माणूस तुमचा, एक आमचा, म्होरं दोघं संगट.”

सगळं इथेच संपायचं. काशीरामने मान हलवलीसुद्धा. तेवढ्यात मागून बाबल्या उठला.

“संपलं कसं? काका, आठ दिस तुमीच बोलताय गाऱ्हाणं आपलं म्हणून! आन आता सोडताय? मी नाय सोडणार!”

त्याच्यामागे वरच्या वाडीचे आणखी चार-पाच जण उठले. ते उठले म्हणून समोरचे उठले. काशीरामचा मुलगा रघू पुढे आला. कोणीतरी कुंपणाची काठी उपसली. सुभेदार मधे उभे होते आणि लिऊने सांगितलेलं एकेक वाक्य आठवून पाहत होते, पण आपलीच फौज आपल्याच हुलीला फसली तर काय करायचं, याबद्दल तो सेनापती काही बोलल्याचं त्यांना आठवेना. गोदा धोंड्यावरून त्यांच्याकडे बघत होती. तिचं बघणं त्यांना काठ्यांपेक्षा जड गेलं.

शेवटी ते वैतागून ओरडले, “बरं बाबल्या! गाऱ्हाणं तुजं. घाल. आत्ता, हितंच घाल!”

उपसलेली काठी खाली आली. बाबल्या गडबडला. मग आता माघार कशी घ्यायची म्हणून तो दाराकडे तोंड करून उभा राहिला. हात जोडले.

“बा देवा केदारलिंगा, म्हाराजा...”

“व्हय म्हाराजा!” सगळ्यांच्या तोंडून सवयीने निघालं. तीन वर्षांनी त्या जागेवर दोन्ही वाड्या एकत्र काहीतरी बोलल्या होत्या.

“आज ह्या ठिकाणी... तुजी लेकरां जमली हायत...”

“व्हय म्हाराजा!”

पुढचं त्याला येत नव्हतं. पंधरा वर्षं मुंबईत काढलेला माणूस. मागून कोणी तरी खुसकन हसलं. बाबल्याने घाम पुसला, कपाळ दाराला टेकलं, आणि जे तोंडात आलं ते बोलला. आवाज अगदी बारीक झाला होता.

“देवा, भोंगा वाजू दे रे. गिरणी चालू कर. साच्याची सवय झालेले हात हायत, हितं काय करू ह्येंचं?”

कोणी हसलं नाही. मग खालच्या वाडीच्या बाजूने रघू बोलला, “व्हय म्हाराजा.” रघूची गिरणी वेगळी होती, पण बंद तीही होती. त्याच्यामागे दुसरा बोलला, मग तिसरा, आणि मग सगळेच. तळेकोंडात असं घर नव्हतं, ज्यातलं कोणी ना कोणी गिरणीच्या दारातून परत आलं नव्हतं.

काशीराम काठी टेकत पुढे झाला. बाबल्याच्या खांद्यावर त्याने हात ठेवला, काही मायेने आणि काही गुडघ्यासाठी, आणि पुढचं गाऱ्हाणं त्या दणदणीत आवाजात उचललं. कोणाचं चुकलंमाकलं असेल ते पोटात घाल. जी लेकरं घरी आहेत त्यांना सांभाळ, जी परमुलखात आहेत त्यांना राख. वाकड्या वाटेने कोण जात असेल तर त्याला सरळ वाटेला लाव. इथे त्याने मुद्दाम सुभेदारांकडे पाहिलं. “व्हय म्हाराजा!” सुभेदार सर्वांत मोठ्याने म्हणाले.

कुलपं निघाली. दुसऱ्या दिवशी पालखी उठली तेव्हा दांडीला पुढे बाबल्या आणि रघू होते. दोघांचे पाय एका ठेक्यात पडेनात, पालखी जरा वाकडीच नाचली, पण नाचली. बायकांनी तीन वर्षांच्या ओट्या एका दिवसात भरल्या.

धुळवड सरल्यावर काशीराम सुभेदारांच्या पडवीत येऊन बसला. पाय लांब केला. गोदाने चहा दिला.

“महिपता,” तो म्हणाला, “गाऱ्हाणं तू मला मुद्दाम दिलंस.”

“तुमाला कोण बोल्लं?”

“तुजी गोदा पाणवठ्यावर येते. माजी गंगा काय तिथं झोपा काढते? गोदा काय विचारते, किती वेळा गुडघ्यावर येते, ता सगळं मला त्याच सांजेला कळलं.”

सुभेदारांचा कप तोंडाशीच राहिला. “मंग तुमी ओरडलात कशाला, आमीच घालणार म्हणून?”

“वाट दिसली. म्हटलं, घेऊया.” काशीराम खो खो हसला आणि गोठ्यातली म्हैस दचकली.

सुभेदारांना आधी राग आला, मग हसू. त्या दिवसापासून त्यांनी एक केलं: बेत ठरवायचा तो गोदाला समोर बसवून. आजूबाजूच्या गावांतून त्यांना भांडणं मिटवायला बोलावणी येऊ लागली. कुठे विहिरीचं, कुठे बांधाचं, एकदा तर दोन नमन-मंडळांच्या मृदंगाचं. सुभेदार जात, चिनी सेनापतीची विद्या सांगत, माना डोलत. तोवर गोदा मागल्या दाराने बायकांत बसून खरं काय ते काढून आणी.

बाबल्याची गिरणी उघडली नाही. रघूचीही नाही. पावसाआधी दोघांनी मिळून काशीरामच्या पडीक वरकस जमिनीवर काजू लावली. खड्डे कोणी किती खणले यावरून पहिल्याच आठवड्यात त्यांचं कडाक्याचं वाजलं. सुभेदार टोपी घालून निघालेही होते, पण गोदाने त्यांना दारातच थांबवलं. “भांडू देत,” ती म्हणाली. “हातांना काम मिळालंय.”