तो नो-बॉल नव्हता

ओल्या काथ्याच्या मॅटचा वास आला की अजून माझं डोकं फिरतं. नव्वदच्या दशकात कोल्हापुरात मंगळवार पेठेतल्या पोरांबरोबर नेटमध्ये फास्ट बोलिंग टाकणारी मी एकटीच मुलगी. त्या सकाळी मॅटवर नुकतंच पाणी मारलं होतं. माझा बॉल टप्पा पडून आत घुसला आणि आमच्या कॅप्टनचा मधला स्टंप उखडून जाळीत जाऊन पडला.

"नो-बॉल!" आमचे कोच असलेले सर ओरडले.

मी रेषेच्या आत मातीत उमटलेला बुटाचा ठसा दाखवला. सर जवळ येऊन हळूच म्हणाले, "पाय आतच हाय गं. पण उद्या त्याची मॅच हाय की! पोरीनं दांडी उडवल्यावर त्यानं खेळायचं कुठल्या तोंडानं?"

पुढं मी राज्याकडून खेळले, कोल्हापूरची पहिली फास्ट बोलर म्हणून हारतुरे घेतले. सरांना मात्र माफ केलं नाही, करणारही नाही. पण त्याहून जास्त संताप माझाच येतो. मी मान डोलावली होती, बॉल उचलून गुपचूप परत टाकायला गेले होते.

आता पोरींना शिकवते, तेव्हा पहिल्याच दिवशी सांगते, "पाय आत असंल तर कुणीबी बोंबलू दे, तो बॉल परत टाकायचा न्हाय."